मागे वळून बघायचं नाही

तक्रारवालीनं पर्स कोचाच्या पायथ्याशी टाकली आणि ती आडवी होणार एवढ्यात मागून बाईंचा आवाज आला.

"जरा खिडकी उघड गं."

ती थबकली. इतकी वर्षं या खोलीत येत होती, बाईंनी कधी पंख्याचं बटणसुद्धा दाबायला सांगितलं नव्हतं. इथं आलेल्या बाईनं काम करायचं नाही, फक्त बोलायचं, असा शिरस्ता होता. तिनं कडी काढून झडप ढकलली. समोरच्या शाळेच्या मैदानावर शुकशुकाट होता. शाळा सुटायला अवकाश होता. ती परत येऊन कोचावर पडली आणि नेहमीसारखी छताकडे बघू लागली.

बाई तिच्या डोक्यामागच्या खुर्चीत. मनोविश्लेषणाची पद्धतच तशी. बोलणाऱ्यानं वर बघायचं, ऐकणाऱ्यानं मागं बसायचं, तोंड दिसू द्यायचं नाही. तोंड दिसलं की माणूस समोरच्याच्या चेहऱ्यावरचं वाचून बोलतो, आणि बायकांनी तर जन्मभर दुसरं काही केलेलं नसतं, असं बाईंचं म्हणणं. तास संपला की त्या खुर्चीत हलायच्या, खुर्ची करकरायची. ती खूण. मग उठायचं, चपला घालायच्या, निघायचं. निरोप नाही, हसणं नाही, मागे वळून बघायचं नाही. "बाहेर सगळ्यांची मर्जी सांभाळत निघतेसच. इथून तरी सरळ चालू लाग," असं बाईंनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं.

तक्रारवाली हे नाव तिला ऑफिसात पडलेलं. विमा कंपनीत तक्रारींचे फोन घ्यायला ती बसायची. लोक तिकडून तिचा उद्धार करायचे आणि ती इकडून म्हणायची, आपली गैरसोय झाली त्याबद्दल दिलगीर आहोत. ज्या साहेबानं त्यांचा दावा नामंजूर केलेला असायचा तो वरच्या मजल्यावर गार हवेत. त्याच्या कानावर आयुष्यात एक शिवी गेली नव्हती. शिव्या खाली, हेडफोनात. संध्याकाळी घरी जावं तर नवरा स्वतःच्या कामावरची धुसफूस घेऊन दारातच उभा. तो भांडी आपटायचा, चपला भिरकावायचा, पोटभर जेवायचा आणि ढाराढूर झोपायचा. डोकं हिचं ठणकायचं. डॉक्टर म्हणाले, तुमचा स्वभावच काळजी करण्याचा आहे, आणि गोळ्या लिहून दिल्या. नवऱ्याला ते फारच पटलं.

"बघ, मी कधीचा सांगतोय, तुझ्यातच काहीतरी आहे."

बाईंचं पुस्तक तिनं अर्धं समजून, अर्धं तसंच रेटून वाचलं होतं. बाई तत्त्वज्ञानाच्या. मानसशास्त्रातल्या मोठमोठ्या पुरुषांशी त्यांनी कागदावर उभा दावा मांडलेला. त्यांचं म्हणणं असं, की माणसाचा राग, माणसाची भीती ज्याच्या त्याच्या कातडीच्या आत बंद असते ही आजच्या जगाची सगळ्यात मोठी थाप आहे. ते बाहेर पडतं. श्वासातून, घामाच्या वासातून, आवाजातून पडतं आणि शेजारच्याच्या अंगात शिरतं. भांडण नुकतंच थांबलेल्या खोलीत पाऊल टाकलं की कळतं, ते काय डोळ्यांनी कळतं? एक जण आपली घाण दुसऱ्यावर ओततो आणि टवटवीत होतो. ज्याच्यावर ओतली तो आजारी पडतो. मग त्या आजाऱ्यालाच विचारतात, तुला काय झालंय. घराघरात हे ओतून घेणारं भांडं बाईमाणूस असतं. कचेरीत त्याच भांड्याला पगार मिळतो, एवढाच फरक. तक्रारवालीनं तिथं पुस्तक मिटलं होतं आणि दुसऱ्या दिवशी बाईंचा पत्ता शोधून काढला होता.

बाईंचा इलाज म्हणजे एक प्रश्न. ती सांगायची, छातीत धडधडतंय. सांगायची, हाताच्या मुठी आपोआप वळतायत. मागून यायचं, "हे कोणाचं आहे?" मग शोध सुरू. कधी ते सकाळच्या फोनवरच्या म्हाताऱ्याचं निघायचं, कधी नवऱ्याचं, कधी नोकरी जाणार म्हणून धास्तावलेल्या शेजारच्या टेबलावरच्या पोरीचं. ज्याचं त्याला परत करता येत नसे. पण आपलं नाही एवढं कळलं तरी पाठ सरळ व्हायची.

आज मात्र ती घुश्शात होती.

"आज भांडायला आलेय," ती छताला म्हणाली.

"हं," मागून आलं.

"कंपनीनं एक प्रशिक्षक आणला होता. टाय लावून, पडद्यावर चित्रंबित्रं. म्हणतो, तुमच्या परवानगीशिवाय जगात कोणीही तुम्हाला दुखवू शकत नाही. भावना तुमची, मालकी तुमची. आम्हाला उभं करून, छातीवर हात ठेवून म्हणायला लावलं, माझा राग माझा आहे. शेजारची म्हणाली, राग माझा आणि बढती साहेबाची, वाटणी झकास आहे."

असल्या गोष्टींना बाई नाकातून फुस्स करून हसायच्या. आज हसल्या नाहीत.

"पण मला रात्री वाटलं, तो टायवाला खरा असला तर? इथं येऊन मी सगळ्यांचं सगळं ज्याच्या त्याच्या नावावर टाकते. माझं म्हणून काही निघतच नाही. मी काय धर्मशाळा आहे? आज मी ठरवूनच आलेय बाई. जे येईल ते माझं म्हणणार. तुम्ही विचारलंत तरी."

बाई गप्प. गप्प राहणं हेही त्यांचं हत्यार होतं, हे तिला ठाऊक होतं. तीही गप्प राहिली. आणि त्या शांततेत ते आलं.

आधी जबडा. मग मानेमागं गार घाम. मग डावा हात, कोणी ओलं गोणपाट टाकावं तसा जड. त्यामागून भीती आली. तिला तोंड नव्हतं, नाव नव्हतं, पोटातून घशापर्यंत चढत येणारं नुसतं काळं पाणी.

"जबडा दुखतोय," ती म्हणाली. "हेडफोनचा असणार." थोड्या वेळानं म्हणाली, "हात उचलत नाहीये." मग आवाज बारीक झाला. "भीती वाटतेय बाई. खूप. कशाची ते कळत नाही."

तिनं वाट पाहिली. एवढी बडबड करून आली होती, तरी तिचे कान त्या प्रश्नाकडेच लागले होते. मागून प्रश्न आला नाही. म्हणजे बाईंनाही पटलं तर. हे माझंच आहे.

मग तिनं ते स्वतःत शोधलं, आणि शोधलं की सापडतंच. आई ओट्याशी पाठमोरी उभी होती, खांदे हलत होते. ती लहान होती, मागं उभी होती, दोन पावलं पुढं जाऊन आईचं तोंड बघायची तिची छाती झाली नव्हती. हे तिनं कधीच कोणाला सांगितलं नव्हतं. तिनं सगळं सांगितलं, हुंदके देत सांगितलं, दातावर दात वाजत होते. समोरची शाळा सुटली. पोरांचा एकच गलका उघड्या खिडकीतून आत घुसला, आणि त्या गलक्यातच, कोणी तोंडावरची उशी काढून घ्यावी तसं ते सगळं एकदम उठून गेलं. जबडा सैल, हात हलका. तिनं भला मोठा श्वास घेतला आणि तिला चक्क हसू आलं.

उरलेला वेळ ती मजेत बोलत राहिली. नवऱ्याला काय सुनावायचं, कामाचं काय करायचं. खिडकीवरच्या घड्याळात तास उलटून गेला तरी खुर्ची करकरली नाही. आज हरल्या म्हणून रुसल्या वाटतं, असं तिच्या मनात आलं. ती उठली, चपला घातल्या आणि रीतसर, मागे वळून न बघता बाहेर पडली.

बाहेरच्या खोलीत बाईंची लेक कपड्यांच्या घड्या घालत होती.

"आज फार हलकं वाटतंय, ताई."

"नशीब तुझं," लेक म्हणाली.

*

बाई गेल्याचं पुढच्या माणसाच्या लक्षात आलं. तो खोलीत शिरला तो बाईंकडे तोंड करूनच.

डॉक्टर म्हणाले, झोपेत गेल्या, त्यांना काही कळलंसुद्धा नाही. वेळेचा त्यांनी अंदाज सांगितला, तेव्हा आत तक्रारवाली बोलत होती हे उघड झालं. मग जे व्हायचं ते झालं. कोणा प्राध्यापकानं वर्तमानपत्रात लिहिलं की ज्या विदुषीनं भावना हवेतून पसरतात असं आयुष्यभर सांगितलं, तिचा मृत्यू हातभर अंतरावरच्या शिष्येलाही जाणवला नाही, यापुढे वेगळ्या टीकेची गरज काय. ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत ती आली की पोरी एकमेकींना कोपरं मारायच्या. नवरा तर खूशच होता.

"तुझं ऐकून ऐकून मेली बिचारी," तो म्हणाला. "मी अजून कसा जिवंत आहे कोण जाणे."

तिनं सगळं ऐकून घेतलं. तेवढं तिला येत होतं. बाईंचं म्हणणं खोटं ठरलं आणि ते आपल्यामुळं ठरलं, एवढंच तिला सलत होतं. फोन मात्र ती घेत होती, दिलगीर होत होती.

एका दुपारी एका माणसाचा फोन आला. त्याची बायको वारली होती आणि कंपनीनं दावा फेटाळला होता. दुखणं आधीचं होतं, तुम्ही लपवलंत, असं कारण दिलेलं. तो ओरडत नव्हता, हे वाईट. ओरडणाऱ्याला उत्तर ठरलेलं असतं.

"काय लपवलं हो?" तो म्हणत होता. "सकाळपर्यंत ठणठणीत होती. चहा घेताना म्हणाली, जबडा दुखतोय. मी म्हटलं, दाढ असेल. मग म्हणाली, डावा हात जड झालाय. मानेला घाम, गार पडलेली. सारखं एकच म्हणत होती, भीती वाटतेय, भीती वाटतेय. मी म्हटलं, अगं कशाची? ते तिला सांगता येईना. खिडकी उघडा म्हणाली. मी खिडकी उघडायला उठलो, आणि…"

तक्रारवालीनं हेडफोन काढून टेबलावर ठेवला. त्यातून त्या माणसाचा आवाज बारीक बारीक येत राहिला. शेजारची म्हणाली, अगं, काय झालं? तक्रारवाली स्वतःच्या डाव्या हाताकडे बघत बसली होती.

*

लेकीनं तिला बोलावून घेतलं तेव्हा बाईंची खोली आवरून झाली होती. पुस्तकं खोक्यांत भरलेली, भिंतीवर कपाटांचे फिकट चौकोन. कोच आणि खुर्ची तेवढी जागच्या जागी. लेक चष्म्याच्या दुकानात डोळे तपासायची. अर्धाच दिवस. उरलेला अर्धा इथं जायचा. ती काही आईच्या विचारांची नव्हती. "मी लोकांना विचारते, ही काच बरी की ती," असं ती मागे एकदा म्हणाली होती. "माझं तेवढ्यात भागतं."

"झोप," आता ती म्हणाली. "त्या दिवशी जशी झोपली होतीस तशी. आणि सांग."

"ताई, कशाला?"

"झोप गं. एवढं कर माझ्यासाठी."

तक्रारवाली आडवी झाली. मागं खुर्ची करकरली. तो आवाज ऐकून तिच्या अंगावर काटा आला. लेक आईच्या जागेवर बसली होती.

"डॉक्टर म्हणतात झोपेत गेली. तुझं ऐकता ऐकता डोळा लागला आणि तशीच गेली. तूही तेच सांग. तिला काही कळलं नाही ना? घाबरली नाही ना?"

छताला एक पोपडा धरला होता. तक्रारवाली त्याच्याकडे बघत राहिली. नाही म्हणणं सोपं होतं. तसलं बोलण्याचाच तर तिला पगार मिळत होता. ताईंना झोप लागेल, नाही म्हटलं तर. आणि हो म्हटलं तर? बाईंचं म्हणणं खरं होतं, अगदी शब्दन् शब्द खरं होतं, त्यांचा जीव जाताना त्यांची भीती मला येऊन सांगत होती आणि मी ती आईच्या ओट्याशी नेऊन ठेवली, हे त्यांच्याच लेकीला सांगायचं? तिनं ओठ ओले केले. नाही म्हणायला तोंड उघडलं.

तेवढ्यात तिचे कान तापले. गरम, चुळबुळणारी, पायाच्या अंगठ्यापर्यंत पोचणारी लाज. काहीतरी फोडून लपवून ठेवलेल्या पोराला दाराशी बापाची चाहूल लागावी, तशी. तिच्याकडे स्वतःची लाज होती. त्या फोनपासून तिची तिच्याशी चांगली ओळख झाली होती. ती थंड होती, बरगडीखाली दगडासारखी पडून असायची, हलायची नाही. ही ती नव्हती.

हे कोणाचं आहे?

ती उठून बसली. मग या खोलीत इतक्या वर्षांत केलं नव्हतं ते तिनं केलं. मान वळवून मागे बघितलं.

लेक ताठ बसली होती. चेहरा पांढरा, कान लालबुंद. तिचा उजवा अंगठा खुर्चीच्या हाताखाली कुठंतरी दडला होता.

"ताई," तक्रारवाली म्हणाली, "तुम्ही बाहेर काय ऐकलं होतं?"

लेकीनं वाकून खुर्चीच्या हाताखालची बाजू दाखवली. लाकडाच्या खालच्या अंगाला एक पांढरं बटण होतं.

"घंटी आहे. स्वयंपाकघरात वाजते," ती म्हणाली. "इथं ऐकू येत नाही. माणूस गेला की आई वाजवायची. मग मी चहा आणायचा. पाणी. चष्मा. काय वाटेल ते." ती थांबली. "आयुष्यभर बायकांच्या थकव्यावर लिहिलं तिनं. देशोदेशी लोक टाळ्या वाजवायचे. आणि घंटी मला."

तक्रारवालीनं त्या बटणाकडे बघितलं.

"त्या दिवशी तास चालू असतानाच वाजली. तू आत होतीस. असं कधी व्हायचं नाही. एकदा वाजली, मग पुन्हा, लांब. मी भांडी घासत होते. म्हटलं, वाजू दे. आज नाही जात. तास चालू असताना कोणी आत जायचं नाही, हा तिचाच नियम. घे म्हटलं तुझा नियम." लेकीनं हात मांडीवर आणून ठेवला, तळवा वर. "मला बरं वाटलं होतं. खरं सांगते. तिला ताटकळत ठेवताना बरं वाटलं होतं."

कोचावर तक्रारवाली थोडी सरकली. लेक उठून तिच्या शेजारी येईल असं तिला वाटलं. लेक हलली नाही.

"तू निघताना म्हणालीस, हलकं वाटतंय."

"हो."

"कधीपासून?"

तक्रारवालीला प्रश्न कळला. लेक आता डोळे तपासणाऱ्या बाईसारखी विचारत होती, ही की ती, नीट बघून सांग.

"शाळा सुटली तेव्हापासून."

"आणि भीती? तुला वाटली असणार. तिच्या हिशेबानं तुला वाटायलाच हवी."

"वाटली. त्याच्या आधी. बराच वेळ."

लेकीनं मान हलवली. हळूहळू, दोन-तीनदा. खिडकीकडे बघत म्हणाली, "घंटी वाजली तेव्हा मैदान रिकामं होतं. स्वयंपाकघरातून दिसतं मला."

मग दोघींमध्ये तो वेळ पडून राहिला. घंटीपासून पोरांच्या गलक्यापर्यंतचा. त्यात दार उघडता आलं असतं. त्यात मान वळवता आली असती.

लेक पुटपुटली, "म्हणजे झोपेत नाही."

"नाही."

लेकीनं पुन्हा खुर्चीच्या हाताखाली अंगठा नेला आणि बटण दाबलं. खोलीत काहीच ऐकू आलं नाही. तिनं अंगठा काढला नाही.

"ऐकू येतेय?" तिनं विचारलं.

"नाही, ताई."

लेक दाबतच राहिली. थोड्या वेळानं तक्रारवाली उठली. चपला न घालता बाहेरच्या खोलीतून स्वयंपाकघराकडे गेली. दार लोटलेलं होतं. तिनं ते उघडलं. आत, ओट्याच्या वर, घंटी वाजत होती. लांब, त्या दिवशी वाजली असेल तशी.

ती तशीच मागे फिरली आणि धावत खोलीकडे निघाली.